पट्टीवर नाव नसलेली बाई

पुण्याकडून मिरजेकडे जाणारी गाडी नीरा नदी ओलांडून सातारा जिल्ह्यात शिरली की लोणंद येतं. तालुका खंडाळा. गावाची ओळख दोन गोष्टींनी आहे, कांद्याची बाजारपेठ आणि ज्ञानेश्वर माउलींच्या पालखीचा मुक्काम. इथला गरवा कांदा चाळीत महिनोन्‌महिने टिकतो, म्हणून लांबचे व्यापारी त्याच्यासाठी येतात. हा कांदा शेतातून गोणीत आणि गोणीतून ट्रकमध्ये जाईपर्यंत किती हातांतून जातो याचा हिशेब मात्र विक्रीच्या कुठल्या पट्टीवर सापडत नाही.

अशा गावातल्या एखाद्या कार्यकर्तीनं कांदा निवडणाऱ्या बायकांवर माहितीपट करायचं ठरवलं तर? मोठी यंत्रणा नाही, हातातला मोबाईल, एक साधा माइक आणि गटातल्या दोघीतिघी. हा प्रश्न घेऊन मी दोन माणसं समोरासमोर बसवली आहेत. एक नाना, हयातभर बाजारात मापाडी राहिलेला, काट्यावर आणि कागदावर विश्वास असलेला माणूस. दुसऱ्या ताई, बचत गटातून पुढे आलेल्या. ही दोघं कल्पनेतली आहेत. ती ज्या घटनांचे दाखले देतात त्या खऱ्या आहेत, आणि ती ज्या बाजू मांडतात त्या लोणंदच काय, महाराष्ट्रातल्या कुठल्याही बाजारगावात ऐकायला मिळतात.

नाना : अगं, फिल्म काढणार म्हणतेस, ती बघणार कोण? दर पडला की दरवर्षी रस्त्यावर कांदा ओतल्याचे व्हिडिओ फिरतात. लोक बघतात, हळहळतात, बोटानं वर सरकवतात. त्यानं क्विंटलमागं एक रुपया तरी वाढला का?

ताई : एका रुपयाचं माहीत नाही, दोन रुपयांचं सांगते. फेब्रुवारी २०२३. बार्शी तालुक्यातल्या एका शेतकऱ्यानं सोलापूरच्या बाजारात दहा पिशव्या कांदा नेला. भरला ५१२ किलो. भाव किलोला एक रुपया. भाडं, हमाली, तोलाई वजा जाता उरले २ रुपये ४९ पैसे, आणि हातात पडला २ रुपयांचा चेक, तोही पुढच्या तारखेचा. त्या चेकचा फोटो देशभर गेला. विधानसभेत कांद्यावरून गदारोळ झाला, मार्चमध्ये सरकारनं अनुदान जाहीर केलं.

नाना : गेला ना फोटो. पण फोटो कशाचा होता? कागदाचा! रडणाऱ्या शेतकऱ्याचे फोटो त्याआधी काय थोडे निघाले होते? हालवलं ते पट्टीवरच्या आकड्यानं. आणि पुढचं का सांगत नाहीस? क्विंटलला ३५० रुपये द्यायचं ठरलं तेव्हा मागितलं काय? विक्रीची पट्टी आणि सातबाऱ्यावर कांद्याची नोंद. ई-पीक पाहणीत ज्यांचं पीक चढलं नव्हतं ते हेलपाटे मारत राहिले. म्हणून म्हणतो, अर्ज लिही, पोच घे, आवक क्रमांक टिपून ठेव. काही कळलं नाही तर माहिती अधिकारात विचार, तीस दिवसांत उत्तर आलं नाही तर अपील. हा रस्ता लांबचा आहे, पण साहेबाला कुठंतरी सही करावी लागते. फिल्म बघून कुणाला सही करावी लागत नाही.

नानांचं हे म्हणणं हलकं नाही. सरकारी कचेरीत अश्रूंना आवक क्रमांक मिळत नाही, हे ज्यानं एकदा तरी दाखल्यासाठी रांग लावली आहे त्याला ठाऊक आहे. माहितीपटवाले पुष्कळदा हे विसरतात. फिल्म महोत्सवात जाते, टाळ्या मिळतात, आणि जिच्यावर ती काढली तिचा रोज तोच राहतो. तरीही नानांच्या युक्तिवादात एक जागा मोकळी राहिली आहे, आणि ताई नेमकं तिथंच बोट ठेवतात.

ताई : नाना, कागद तुम्हाला ओळखतो. तुमच्याकडं बाजार समितीचं लायसन्स होतं. हमालांच्या लढ्यातून १९६९ चा माथाडी कायदा आला, मंडळं आली, नोंदणी झाली, लेव्ही आली. ते सगळं कागदावरच झालं, मान्य. पण वक्कल ओतलं की ढिगाशी बसून मोठा, मध्यम, गोल्टी, जोड वेगळं करणारी बाई? बऱ्याच बाजारांत तिचं नाव कुठल्याच रजिस्टरात नसतं. कुणी म्हणतं व्यापाऱ्याची माणसं, व्यापारी म्हणतो मुकादमीण आणते, मुकादमीण म्हणते गल्लीतल्याच बायका आहेत. तुम्ही म्हणता अर्ज कर. तिनं अर्ज करायचा कोण म्हणून?

नाना : अर्जदार म्हणून. नागरिक आहे ती.

ताई : आणि साहेब विचारणार, तुम्ही इथं काम करता याला पुरावा काय?

नाना : (थोडं थांबून) हं. तिथं अडतं खरं.

ताई : म्हणून कॅमेरा. पहाटे ती किती वाजता येते, किती तास उकिडवी बसते, रोज कुणाच्या हातून घेते, पाणी कुठं पिते, बाळ कुठं झोपवते, हे एका दिवसाचं नाही, सगळ्या हंगामाचं टिपायचं. गरव्याचा हंगाम आणि हळव्याचाही. ती तिथं आहे, हे कुणाला नाकारता येऊ नये एवढंच मला सिद्ध करायचं आहे.

माहितीपटाकडे आपण कलाकृती म्हणून किंवा फार तर प्रचार म्हणून बघतो. पण ज्या माणसाची नोंदच नाही त्याच्यासाठी तो पहिली नोंद असतो, म्हणजे हजेरीपत्रकाच्या आधीचं हजेरीपत्रक. याला जुना आणि भक्कम दाखला आहे. १९८४ साली अहमदाबादेत ‘सेवा’ या स्वयंरोजगार करणाऱ्या बायकांच्या संघटनेनं व्हिडिओचं शिक्षण सुरू केलं. शिकवायला अमेरिकेहून मार्था स्टुअर्ट आल्या होत्या. शिकायला बसलेल्यांत अनेकींना लिहिता-वाचता येत नव्हतं. त्यांतल्या एक लीलाबेन दातानिया, माणेक चौकात भाजी विकणाऱ्या. त्या चौकातल्या विक्रेत्या बायकांचा बसायच्या जागेसाठीचा झगडा न्यायालयापर्यंत गेला होता. त्यांच्यावरचा व्हिडिओ त्यांच्यातल्याच बाईनं केला. अक्षर न येणाऱ्या बाईला अर्ज दुसऱ्याकडून लिहून घ्यावा लागतो आणि लिहिणारा स्वतःची भाषा त्यात घालतो. कॅमेऱ्यासमोर ती आपल्या तोंडानं बोलते.

पण नाना एवढ्यानं गप्प बसणारे नाहीत.

नाना : बरं, बोलली ती. सगळं सांगितलं. दुसऱ्या दिवशी व्यापाऱ्यानं निरोप धाडला, उद्यापासून येऊ नको. मग? तुझी फिल्म झाली, तिची चूल विझली. रोजावरच्या माणसाचं तोंड दाखवणं सोपं असतं, कारण त्याला नाही म्हणायची सवय नसते. तू ताई आहेस, गटाचं कर्ज तुझ्या सहीनं मिळतं. तुला ती नाही कशी म्हणणार? तिच्या होकाराला काही अर्थ आहे का?

मला वाटतं, सगळ्या वादात याहून मोठा प्रश्न नाही. लेखी संमतीपत्रावर अंगठा घेतला की झालं, असं मानणाऱ्यांनी नानांच्या या वाक्यापाशी थांबावं.

ताई : यावर दुसऱ्या देशात उपाय सापडलेला आहे. कॅनडात न्यूफाउंडलंडजवळ फोगो नावाचं बेट आहे, मच्छीमारांचं. १९६७ साली तिथली वस्ती हलवायचा सरकारचा विचार होता. तिथल्या राष्ट्रीय चित्रपट मंडळाचे दिग्दर्शक कॉलिन लो बेटावर गेले. त्यांनी एक मोठी फिल्म केली नाही. माणसामाणसाशी बोलून दोन डझनांहून जास्त छोट्या फिल्म केल्या. आणि नियम असा ठेवला की जो बोलला त्याला आधी दाखवायचं. त्याला नको असेल तो भाग काढायचा. मग बेटावरच्या बाकीच्यांना दाखवायचं. त्यांची हरकत नसेल तरच बेटाबाहेर न्यायचं. पुढं त्या फिल्म मंत्र्यांना दाखवल्या, मत्स्यव्यवसाय मंत्र्यांचं उत्तर चित्रित केलं आणि ते बेटावर आणून लोकांना दाखवलं.

नाना : आणि वस्ती?

ताई : राहिली. मच्छीमारांनी सहकारी संस्था काढली, स्वतः बोटी बांधायला लागले. निव्वळ फिल्ममुळं झालं असं कुणी म्हणू नये, लोक आधीपासून एकत्र यायच्या खटपटीत होते. पण बेटाच्या एका टोकाची माणसं दुसऱ्या टोकाच्या माणसांचं म्हणणं पडद्यावर पहिल्यांदा शांतपणे ऐकत होती. समोरासमोर बसली असती तर भांडली असती.

नाना : म्हणजे कॅमेरा साहेबासाठी नाही, आधी आपल्याचसाठी.

ताई : आधी त्या निवडणीच्या बायकांसाठी. गल्लीत, त्यांच्याच दारात, रात्री जेवणं झाल्यावर. एकीनं जरी म्हटलं की माझं तोंड काढ, तर काढायचं. हात दाखवायचे, आवाज ठेवायचा. एकटीला दाखवलं तर तिच्यावर येतं, चाळीस जणींचे हात दाखवले तर कुणा एकीला काढता येत नाही. आणि कर्जाचं तुम्ही बोललात ते खरं आहे. म्हणून होकार मी विचारायचा नाही, गटाबाहेरच्या बाईनं विचारायचा, आणि फिल्म पूर्ण झाल्यावर पुन्हा एकदा विचारायचा.

फोगो लांब पडलं. जवळचं बोलायचं तर नीरेच्या पलीकडे, पुणे जिल्ह्यातलं वाल्हे. पालखी वाल्ह्याहून निघते ती नीरेत स्नान करून लोणंदला येते, इतकं ते जवळ. वाल्ह्याच्या रोहिणी पवार ‘व्हिडिओ व्हॉलंटिअर्स’ या संस्थेच्या समुदाय वार्ताहर म्हणून काम करत आल्या आहेत. बालविवाहासारखा विषय, जो गावात सगळ्यांना माहीत असतो आणि कुणी उघड बोलत नाही, त्यांनी कॅमेऱ्यासमोर आणला. संस्था २००३ साली सुरू झाली, कारभार गोव्यातून चालतो, आणि २०१० पासून देशभरच्या खेड्यांतली, वस्त्यांतली माणसं तिच्यासाठी आपल्याच भागातल्या प्रश्नांवर छोटे व्हिडिओ करतात. त्यांच्या रीतीतल्या दोन गोष्टी मला फार मोलाच्या वाटतात. व्हिडिओच्या शेवटी संबंधित अधिकाऱ्याचा फोन नंबर सांगितला जातो आणि बघणाऱ्याला सांगितलं जातं, फोन करा आणि विचारा. आणि प्रश्न सुटला तर त्याच वार्ताहरानं दुसरा व्हिडिओ करायचा, काम झाल्याचा. नळाला पाणी आलं, शाळेला शिक्षक मिळाला, रेशन सुरू झालं. तक्रारीचा व्हिडिओ कुणीही करतो. पाठपुरावा करून दुसरा करणारे थोडे.

हे ऐकल्यावर नानांचा सूर थोडा मऊ होतो, तरी काळजी जात नाही.

नाना : फोन नंबर दिला म्हणजे कुणाचं तरी नाव आलं. नाव आलं की वैर आलं. फेब्रुवारी २०२३ मध्येच राजापूरला काय झालं, विसरलीस? शशिकांत वारिसे. सकाळी पेपरात त्यांनी लिहिलेली बातमी आली आणि त्याच दिवशी त्यांच्या अंगावर गाडी गेली. दुसऱ्या दिवशी माणूस गेला. तो तर पत्रकार होता, पेपर पाठीशी होता. तुझ्या पाठीशी कोण?

ताई : (बराच वेळ गप्प) माझ्या पाठीशी कुणी नाही, हे खरं आहे.

नाना : भ्यावं असं म्हणत नाही मी. एकटीनं करू नको म्हणतो.

पत्रकारांवरच्या हल्ल्यांविरुद्ध महाराष्ट्रानं २०१७ साली कायदा मंजूर केला. तो पत्रकार आणि प्रसारमाध्यम संस्थांसाठी आहे. गल्लीतल्या बाईनं बचत गटाच्या मोबाईलवर केलेल्या फिल्मसाठी तिला ते कवच मिळेलच असं नाही. तिचं कवच म्हणजे संघटना. पुण्यात अतुल पेठे यांनी सफाई कामगारांवर ‘कचराकोंडी’ हा माहितीपट केला तो महापालिका कामगारांच्या युनियनच्या सोबतीनं. आपल्या घरातला कचरा आणि मैला कोण उपसतो, तो कुठल्या हालात उपसतो, हे त्यातून मध्यमवर्गाला बघावं लागलं. पण त्या फिल्ममागे सभासदांची यादी होती, मागण्यांचा कागद होता, कामगार रस्त्यावर उतरायला तयार होते. अशी फिल्म बंद पाडायची म्हटली तर एका दिग्दर्शकाला गाठून भागत नाही. नानांच्या काळजीवरचं खरं उत्तर मला हेच दिसतं.

नाना : आता तू म्हणशील नाना प्रत्येक गोष्टीला नाट लावतात. पण आणखी एक. आषाढवारीत या गावात कमी कॅमेरे येतात का? टीव्हीवाले येतात, ड्रोन उडतात, परदेशी माणसं येतात. लोणंदचं नाव जगात जातं.

ताई : माउलींचं जातं, नाना, आणि जायलाच पाहिजे. तरडगावच्या वाटेवर चांदोबाच्या लिंबाला पहिलं उभं रिंगण बघायला मीही दरवर्षी उभी असते, तो घोडा दिसला की हात आपोआप जोडले जातात. पण ते कॅमेरे पालखीबरोबर येतात आणि पालखीबरोबर फलटणला जातात. लाखो माणसं मुक्काम करून गेल्यावर दुसऱ्या दिवशी हातात झाडू घेऊन कोण उभं असतं, ते टिपायला कुणी मागं थांबत नाही. गावचा कॅमेरा म्हणजे असा, जो दुसऱ्या दिवशीही गावातच असतो.

नाना : आणि तो पाणी फाउंडेशनचा कॅमेरा? तोही गावचाच म्हणायचा का? आमिर खान होता म्हणून चाललं ते.

ताई : थोडं त्यामुळं, थोडं फिल्ममुळं. २०१६ ला गावागावांतली पाणी अडवायची स्पर्धा, पहिला वॉटर कप झाला, तीनच तालुके, त्यात आपल्या जिल्ह्यातला कोरेगाव. पहिला आला वेळू गाव. समतल चर कसा काढायचा, बांध कसा घालायचा, हे गावकऱ्यांना पडद्यावर दाखवून शिकवलं. सरकारी योजनेची पुस्तिका जे करू शकली नव्हती ते दुसऱ्या गावच्या माणसाला राबताना बघून झालं. नट नसता तर टीव्हीवर आलं नसतं, पण श्रमदान नटानं केलं नाही. आणि आवाजाचं म्हणाल तर माण तालुक्यात म्हसवडला २००८ पासून ‘माणदेशी तरंग’ हे सामुदायिक रेडिओ केंद्र आहे, तिथं गावच्या बायका गावच्या बोलीत बोलतात. ज्या जिल्ह्यात हे झालं त्या जिल्ह्यात लोणंदच्या बायकांना का जमू नये?

नाना : जमेल. पण एक अट माझी. काट्यावर गोणी ठेवली की बारदानाचं वजन वजा करावं लागतं. तुझ्या फिल्ममधलं बारदान आधीच काढ. ते रडकं संगीत, तो वरून फिरणारा ड्रोन, ते हळूहळू चालणारं चित्र. नुसता कांदा ठेव. भरेल तेवढं भरेल.

ताई : कबूल. आणि माझीही एक अट. तुम्ही कॅमेऱ्यासमोर बोलायचं. तुमच्या काट्याशेजारी वर्षानुवर्षं कोण बसत होतं, तुम्ही बघितलंय. बायकांनी सांगितलं तर म्हणतील सांगायला लावलं. मापाड्यानं सांगितलं तर बाजार ऐकेल.

नाना : माझं तोंड दाखव. मला कोण काढतंय आता!

यानंतर दोघांचं बोलणं कामाच्या गोष्टींवर येतं, आणि मला ते भाषणांपेक्षा महत्त्वाचं वाटतं. मूळ चित्रण कापायचं नाही, तारीख-वेळेसकट दोन ठिकाणी ठेवायचं. कारण हे कधी कामगार अधिकाऱ्यासमोर किंवा न्यायालयात पुरावा म्हणून न्यावं लागलं तर २०२३ च्या भारतीय साक्ष्य अधिनियमाप्रमाणे सोबत प्रमाणपत्र लागतं, चित्रण कुठल्या उपकरणावर झालं ते सांगावं लागतं. फिल्मबरोबर मागणीचा अर्ज द्यायचा, बायकांच्या नोंदणीचा, आणि त्या अर्जाची पोच फिल्ममध्ये दाखवायची. अर्ज लिहायचं नानांनी पत्करलं आहे.

वाद शिल्लक राहतो तो दाखवण्याच्या जागेचा. लोणंद ग्रामपंचायत होती तेव्हा ग्रामसभा होती. तिथं कुणीही उठून बोलू शकत असे आणि ठरावाच्या वहीत ते लिहून घ्यावं लागे. नगरपंचायत झाली आणि कायद्यानं ग्रामसभा संपली. नगरपंचायतीच्या बैठकीत बोलतात ते नगरसेवक. रस्ते, दिवे, निधी यांच्या दृष्टीनं गाव मोठं झालं हे चांगलंच, पण सगळ्या गावानं एका जागी बसून एकमेकांचं ऐकायचा जो कायदेशीर दिवस होता तो गेला. नानांना वाटतं, फिल्म आधी बाजार समितीच्या संचालकांना बंद खोलीत दाखवावी, म्हणजे कुणाचा मान दुखावणार नाही आणि काम लवकर होईल. ताईंना वाटतं, ती उघड्यावर दाखवावी, हमाल, व्यापारी, शेतकरी आणि निवडणीच्या बायका एकाच चटईवर बसवून, आणि फिल्म संपल्यावर माइक फिरवावा.

इथं मी ताईंच्या बाजूचा आहे. बंद खोलीत दाखवलेली फिल्म ही विनंती होते, आणि विनंती नाकारली तर कुणाला कळत नाही. उघड्यावर दाखवली की व्यापाऱ्यालाही त्याची बाजू मांडता येते. त्याचीही बाजू असते. हंगाम संपला की त्यालाही माल पडून राहण्याची धास्ती असते, निर्यातीचा निर्णय दिल्लीत एका रात्रीत फिरतो. डिसेंबर २०२३ मध्ये निर्यातबंदी आली तेव्हा भाव कोसळून शेतकऱ्याबरोबर तोही अडकला होता. ते त्यानं सगळ्यांसमोर सांगावं. आणि त्याच सभेत निवडणीच्या बाईनं विचारावं, माझं नाव तुमच्या वहीत कधी येणार?

लोणंद, खंडाळा, फलटण भागात ज्यांच्याकडे शाळेचा हॉल आहे, मंगल कार्यालय आहे, देवळासमोरचं पटांगण आहे, किंवा नुसती चुना दिलेली मोठी भिंत आहे, त्यांना माझं सांगणं आहे. अशी एखादी ताई तुमच्याकडे फिल्म घेऊन आली तर तिला एक संध्याकाळ द्या, भाडं मागू नका, आणि पहिल्या ओळीतल्या खुर्च्या पाहुण्यांसाठी न ठेवता ज्यांच्यावर फिल्म आहे त्या बायकांसाठी ठेवा.